नानांचं तोंड

९ जानेवारी

राजीनामा दिला. साहेबांनी विचारलं, "दुसरीकडे कुठे लागलं का?" म्हटलं, नाही, छोटे सिनेमे करणार आहे. "अरे वा. गोष्ट काय?" गोष्ट नाही. "मग नट कोण?" नटही नाही. साहेबांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मला ताप आहे आणि घरच्यांना कळवायला हवं.

इतकी वर्षं जाहिरातींना आवाज लावले. बिस्किटांची कुरकुर, सरबताचा घोट, चॉकलेट मोडल्याचा कट्‌. माणूस खाताना जो आवाज काढतो तो खरा लावला तर कुणी बिस्किटाला हात लावणार नाही. खरा आवाज ओला असतो. तो काढून टाकायचा आणि त्या जागी सुका पाला चुरडल्याचा आवाज लावायचा, हे माझं काम. म्हणजे लोकांची लाळ पुसायचं काम. कानांवर हेडफोन चढवून दिवसभर परक्या माणसांच्या तोंडात बसायचं. शी.

आता माझ्या सिनेमात माणूस नसेल. प्रकाश, रंग, आकार, आवाज. डोळा काय पाहतो आणि कान त्याला काय पाहायला लावतो, एवढंच. स्वच्छ काम.

२१ जानेवारी

पहिला तुकडा मफलरला दाखवला. हा गृहस्थ गावातल्या एका जुन्या सभागृहात असले सिनेमे दाखवतो. बारा महिने गळ्यात मफलर, म्हणून आम्ही सगळे त्याला मफलर म्हणतो. त्यालाही ते आवडतं.

माझ्या तुकड्यात पाण्यावर तेल पसरतं आणि पंख्याची घरघर हळूहळू सुरात येते. मला स्वतःला फार आवडला होता. मफलरने डोळे मिटून ऐकलं, मग उघडून पाहिलं, मग म्हणाला, "छान आहे. दवाखान्याच्या भिंतीवर लावायला."

"म्हणजे?"

"म्हणजे हात धुऊन केलाय. तुला ज्याची शिसारी येते ना, ते दाखव. मग बघू."

घरी येईपर्यंत मनातल्या मनात त्याला हजार उत्तरं दिली. स्वतःच्या चहाचा कप तीन दिवस न धुणारा माणूस मला शिसारी शिकवतो.

२ फेब्रुवारी

नाना आले. म्हणजे धाकट्या भावाने आणून सोडले. त्याची परदेशी बदली झाली. "ताई, तू आता घरीच असतेस ना," म्हणाला. घरीच असतेस! जणू मी भिंतीला टेकून उभी असते. मावशीपण त्यानेच शोधून दिल्या. त्या सकाळी येतात, दिवेलागणीला जातात, नानांची आंघोळ, औषधं, जेवण बघतात. बाई चांगल्या आहेत, पण सतत बोलतात.

नानांची उजवी बाजू अर्धांगाने गेली त्याला सहा महिने होतील. वाचा गेली. माझे नाना म्हणजे चष्म्यांच्या दुकानात आयुष्य काढलेला माणूस. काचेवर बोटाचा ठसा दिसला तर गिऱ्हाईकाला थांबवून ठेवून पुसणारे. जेवताना दर दोन घासांनंतर घडीच्या रुमालाने ओठ टिपणारे. जांभई आली तर तोंडावर हात धरून भिंतीकडे वळणारे. त्यांचं तोंड आतून मी चाळीस वर्षांत कधी पाहिलं नव्हतं.

आज पाहिलं. मऊ भात जिभेवरून उजव्या गालात गेला, तिथेच राहिला, मग लाळेबरोबर हनुवटीवर आला. आणि आवाज. मचमच, सुर्र, चप्‌. माझे कान पगारी कान आहेत, त्यांना काहीही निसटत नाही. मी ताट उचललं आणि कामाच्या खोलीत जाऊन, हेडफोन लावून जेवले. हेडफोनमध्ये काहीही वाजत नव्हतं.

लेकीने असं लिहू नये हे कळतं. ही वही माझी आहे.

९ फेब्रुवारी

बोलायला शिकवणाऱ्या बाई आल्या होत्या. आठवड्यातून एकदा येणार. नानांसमोर आरसा धरला, "आ करा, ऊ करा." नाना भिंतीकडे बघत बसले. जाताना मला म्हणाल्या, "त्यांना सगळं समजतं, बरं का. फक्त बाहेर येत नाही. नाकातले आवाज त्यांना अजून जमत नाहीत, शेवटची अक्षरं गळतात. तुम्ही रोज थोडं बोलत जा त्यांच्याशी. आणि उत्तर द्यायला वेळ द्या."

हो म्हटलं. काय बोलणार? आवाज काढतात ते लाळेचे, त्याला या बाई अक्षरं म्हणतात. त्यांचा धंदाच तो.

१६ फेब्रुवारी

आज एक विलक्षण गोष्ट झाली.

गळ्याला चिकटवायचा छोटा माइक असतो, कातडीच्या आतला आवाज पकडणारा. धूळ खात पडला होता. काय मनात आलं कोण जाणे, नानांच्या गळ्याला लावला आणि मावशींना म्हटलं, भरवा. मी दुसऱ्या खोलीत हेडफोन लावून बसले.

गुहा! ओल्या भिंतींची, मोठी, हलणारी गुहा. आत कुठेतरी पाणी पडतंय, दगड सरकतोय, एखादं जनावर कूस बदलतंय. मी श्वास रोखून ऐकत राहिले. आणि मला किळस आली नाही! पहिल्यांदा. कारण ते नाना नव्हतेच. नाना बाजूच्या खोलीत होते.

मफलर म्हणाला तेच झालं म्हणायचं. त्याला कबूल करणार नाही.

१९ फेब्रुवारी

चित्रही मिळालं. मुंगीचे डोळे टिपायचं भिंग आहे माझ्याकडे, ते ओठांच्या अगदी जवळ नेलं. पडद्यावर ओठ राहतच नाहीत. गुलाबी डोंगर, भेगा, त्यांत साचलेला उजेड. लाळेचा थेंब म्हणजे काचेचा दिवा. कुणाच्या बापाला ओळखता येणार नाही. (असं मी आज बोलूनही दाखवलं, मग माझं मलाच हसू आलं.)

अडचण एकच. दिवा प्रखर लागतो आणि नाना डावा हात सारखा तोंडाकडे नेतात. दर वेळी चित्र बिघडतं. शेवटी मावशींना म्हटलं, पांघरुणाखाली हात धरून ठेवा थोडा वेळ. त्यांनी धरला. "असं काय करताय आजोबा, लेक तुमचा शिनेमा काढतेय," म्हणाल्या. नानांनी डोळे मिटून घेतले. उजेडाने मिटतात. मला काय, डोळे चित्रात नाहीतच.

२२ फेब्रुवारी

सगळ्यात भारी गोष्ट. नानांना एक ताल सापडलाय. दिवा लावला की सुरू होतो, जणू पडदा वर गेल्यावर नट उभा राहावा. आधी ओठ मिटून फुटतात, ब. मग जीभ दातांवर, द. मग घशात अडकलेला क. ब-द-क. थोडा दम घेतात, पुन्हा ब-द-क. कधी हळू, कधी चढ्या आवाजात. मान हलवत. दिवा घालवला की थांबतात.

मावशी म्हणतात, "बदक म्हणतायत हो ताई!"

खरंच तसंच ऐकू येतं. त्या तुकड्याला मी मशीनवर 'बदक' असंच नाव दिलंय.

२६ फेब्रुवारी

धाकट्याचा व्हिडिओ कॉल. त्याला दिवा लावून दाखवलं. नानांनी लगेच सुरू केलं. तिकडे तो, त्याची बायको, सगळे हसून हसून बेजार. "नाना, बदक पाळायचंय का? आणू का बदक?" नाना आणखी जोरात म्हणाले. त्यांचा चेहरा लालबुंद झाला. धाकटा म्हणाला, "बघ, रंगात आलेत!"

मावशींनी कुठूनतरी आंघोळीचं पिवळं रबरी बदक आणून नानांच्या मांडीवर ठेवलं. नानांनी ते डाव्या हाताने उचललं आणि खोलीच्या पार दुसऱ्या टोकाला भिरकावलं. त्या हातात इतकी ताकद आहे हे डॉक्टरांना सांगायला हवं.

१२ मार्च

बोलायला शिकवणाऱ्या बाई आज माझं काम चालू असतानाच आल्या. दिवा पाहिला, माइक पाहिला, पांघरुणाखालचा मावशींचा हात पाहिला.

"हे काय चाललंय?"

मी समजावून सांगितलं. आवाज आणि प्रतिमा, ओळख पुसून टाकणं, डोळ्याने ऐकणं वगैरे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "नानांना विचारलंत?"

"त्यांना काय विचारणार?"

त्यांनी दिवा बंद केला, खुर्ची ओढून नानांसमोर बसल्या आणि शिकवायला लागल्या. आज नानांनी भिंतीकडे पाहिलं नाही. "अं, अं" असं नाकातून काढत होते, घाम फुटेपर्यंत. एवढा उत्साह मी त्यांच्यात पहिल्यांदा पाहिला. सिनेमात काम केल्याने माणसाला उभारी येत असावी.

पण त्या बाई माझ्या डोक्यात गेल्या आहेत. काही लोकांना कला म्हटलं की पोटात दुखतं.

३ एप्रिल

सिनेमा झाला. सात मिनिटांचा. पहिली दोन मिनिटं फक्त गुहा. मग डोंगर हलायला लागतात. मग ताल येतो, ब-द-क, आधी एकटा, मग मी त्याच्यावर तोच चढवत नेलाय, शेवटी अख्खं सभागृह त्यात भरून जाईल असा.

मफलरने पाहिला आणि बराच वेळ मफलर सोडून पुन्हा गुंडाळत राहिला. "कुणाचं तोंड?"

सांगितलं.

"वडिलांचं? बापरे. आणि ते येतील? पहिल्या रांगेत? आपण आधी सांगायचं नाही, संपल्यावर त्यांच्यावर उजेड टाकायचा."

खरं सांगायचं तर ती कल्पना किळसवाणी आहे, मफलरसारखीच. पण मी हो म्हटलं. धाकट्यालाही फोटो हवेत. आणि नानांना स्वतःचा सिनेमा बघायला नको का?

१८ एप्रिल

सगळं क्रमाने लिहिते.

सभागृह भरलं होतं. नानांना मावशींनी पांढरा सदरा घातला होता, खिशात घडीचा रुमाल. चाकाची खुर्ची पहिल्या रांगेच्या टोकाला. मी मागे मशीनजवळ. बोलायला शिकवणाऱ्या बाईंना मी बोलावलं नव्हतं, त्या आल्याही नव्हत्या.

अंधार झाला. गुहा सुरू झाली. एवढ्या मोठ्या भोंग्यांतून मी ती कधी ऐकली नव्हती, जमीन हलल्यासारखं वाटलं. मग पडद्यावर डोंगर आले आणि कुणीतरी पुढे "वाऽ" केलं. माझा ऊर भरून आला. खोटं कशाला लिहू.

मग भोंग्यांतून पहिलं ब-द-क आलं.

आणि पहिल्या रांगेतून नाना बोलले. मोठ्याने. खुर्चीच्या हाताला धरून, अर्धवट उठून.

"बं-द. क-र."

लोकांनी माना वळवल्या. वरून पुन्हा, ब-द-क. खालून नाना, "बंद. कर." तोच दम, तीच मान, तोच चढता आवाज. फक्त मधला नाकातला सूर आता जमला होता आणि शेवटचं अक्षर गळालं नव्हतं. ते दोन्ही आवाज एकावर एक बसले आणि मला ऐकू आलं. या माझ्या पगारी कानांना, ज्यांना काही निसटत नाही.

बंद कर. दिवा लावला की बंद कर. हात धरला की बंद कर. धाकटा हसत होता तेव्हा बंद कर. आणि मी ते कापून, साफ करून, एकावर एक चढवून, त्याची लय बांधून लोकांना ऐकवत होते.

मागून कुणीतरी टाळी वाजवली. त्याला वाटलं असणार, हा कार्यक्रमाचाच भाग. मग दुसऱ्याने वाजवली. मग सगळ्यांनी, तालावर. नानांनी वर पाहिलं. पडद्यावर त्यांचं उघडं तोंड, घराएवढं. त्यांचा डावा हात तोंडाकडे गेला. या वेळी कुणी धरला नाही. त्यांनी तोंड झाकलं आणि भिंतीकडे वळायचा प्रयत्न केला, पण खुर्ची वळेना.

मी कुठली तार ओढली ते आठवत नाही. सगळं बंद झालं, दिवेसुद्धा. अंधारात टाळ्या अजून वाढल्या. मफलर धडपडत आला आणि मला मिठी मारून म्हणाला, "काय शेवट केलास! सांगितलं का नाहीस आधी?"

मी त्याला ढकललं आणि मोरीपर्यंत पोचायच्या आत ओकले. ओकताना माझ्या तोंडाचे जे आवाज आले ते नानांच्यापेक्षा काही निराळे नव्हते.

१९ एप्रिल

नाना माझ्याकडे बघत नाहीत. मीही त्यांच्याकडे बघू शकत नाही. मावशी पहिल्यांदाच गप्प आहेत. फक्त एकदा म्हणाल्या, "मीच धरला होता हो हात." त्यांना काय सांगू? धरायला कुणी सांगितलं होतं?

२१ एप्रिल

मफलरचा फोन. त्या दिवशीचा सगळा प्रसंग कुणीतरी मोबाइलवर टिपलाय. नाना उठतात तो, टाळ्यांचा, सगळा. "तो शेवटी जोडू या. लोक येडे होतील. बाप स्वतःच्या प्रतिमेला नकार देतो, अगं, याच्यापुढे काय आहे?"

"ते बंद कर म्हणत होते."

"तेच तर!"

"तुला कळत नाहीये. ते बंद कर म्हणत होते."

"अगं, मला कळतंय म्हणूनच तर..."

मी फोन ठेवला. याचं सगळ्यात वाईट म्हणजे, तो काय म्हणतोय ते मला नीट कळलं. कुठे जोडायचं, किती सेकंद काळं ठेवायचं, टाळ्या कुठे तोडायच्या, सगळं फोन ठेवण्याआधीच माझ्या डोक्यात तयार झालं होतं. स्वतःची एवढी घाण मला आजवर वाटली नव्हती.

धाकट्यालाही सांगितलं. तो म्हणाला, "मी हसत होतो ना गं?" हो म्हटलं. त्याला मोकळं सोडावंसं वाटलं नाही आणि स्वतःलाही.

२३ एप्रिल

बोलायला शिकवणाऱ्या बाईंना सगळं सांगितलं. वाटलं, आता झाडतील. त्या म्हणाल्या, "मलाही आधी बदकच ऐकू आलं. बारा मार्चला दिवा बंद केला तेव्हा ते थांबले, तेव्हा लक्षात आलं. मी म्हटलं, त्यांनाच म्हणू दे. मी म्हटलं असतं तर तुम्ही ऐकलं नसतं."

खरं आहे. तरी मला त्यांचा राग आला. सांगायला हवं होतं.

"आता काय करू?"

"विचारा त्यांना. आणि थांबा."

दुपारी नानांसमोर बसले. लॅपटॉप मांडीवर. "नाना, तो सिनेमा आहे यात. सगळे तुकडेही आहेत. पुसून टाकू?"

थांबले. थांबणं किती कठीण आहे! त्यांच्या गालात लाळ जमत होती, ओठ हलत होते, मला ऐकायचंही नव्हतं आणि उठायचंही नव्हतं. मध्येच वाटलं, ते नाही म्हणतील तर. मध्येच वाटलं, नाही म्हणू देत. इतकी मी त्या सात मिनिटांच्या प्रेमात आहे.

"पु-स," नाना म्हणाले.

पुसला. तुकडेही पुसले. मफलरकडे एक प्रत आहे, त्याला लिहिलंय की दाखवलीस तर मी सभागृहात येऊन तार ओढेन. त्याचं उत्तर आलं नाही. त्या मोबाइलवाल्याचं मी काही करू शकत नाही. ते कुठेतरी फिरत राहणार.

नाना खिडकीकडे बघत होते. मला बरं वाटेल असं वाटलं होतं. वाटलं नाही.

३० एप्रिल

मावशींना ताप आलाय म्हणून त्या दोन दिवस येणार नाहीत. म्हणजे भरवायचं मी.

सकाळी केळं कुस्करून भरवलं. जमेल तितकं दुसरीकडे बघत. नानांच्या हे लक्षात आलं. ते काचेवरचा डाग ओळखणारे गृहस्थ आहेत, लेकीचं तोंड त्यांना वाचता येणार नाही? त्यांनी चौथ्या घासाला ओठ घट्ट मिटले. मी चमचा धरून उभी. ते मिटूनच.

"नाना, मला घाण वाटते," मी म्हटलं. असं ठरवून बोलले नव्हते. "आधीपासून. तुमची नाही, आवाजाची. नाही, तुमचीही. काय करू मी?"

नाना माझ्याकडे बघत राहिले. सभागृहातल्या दिवसानंतर पहिल्यांदा. मग त्यांनी डाव्या हाताने माझ्या हातातला चमचा काढून घेतला. अर्धं केळं सदऱ्यावर सांडलं. उरलेलं तोंडात गेलं. खिशातून रुमाल काढायला त्यांना बराच वेळ लागला, मी मदतीला हात पुढे केला तर तो त्यांनी बाजूला सारला. स्वतः ओठ टिपले. नीट नाही, पण टिपले.

दुपारी त्यांचं ताट त्यांच्यासमोर ठेवलं, चमचा डावीकडे. माझं ताट उचलून आतल्या खोलीकडे निघाले.

"बस," नाना म्हणाले.

मी दारात थांबले. बस म्हणजे पुरे झालं, की बस म्हणजे बैस? चेहऱ्यावरून कळेना. पूर्वीही कधी कळायचं नाही.

"पुरे म्हणताय, की बसू?" मी विचारलं आणि ताट हातात धरून थांबले.

नाना उत्तर जुळवत होते. ओठ मिटले, उघडले. मग कंटाळून त्यांनी चांगल्या पायाने समोरची खुर्ची टेबलापासून मागे ढकलली.

बसले. नाना खायला लागले. मचमच, सुर्र, चप्‌. मला किळस आली. मी पहिला घास घेतला आणि चावला.